आधी हळदीचं पाणी, मग बॅटरी

वार शनिवार, आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आधीचा. साल नव्वद. जागा धुळ्यातलं आग्रा रोडवरचं बॅटरीचं दुकान. हजर असलेले: दुकानाचे मालक, ज्यांना सगळे आबा म्हणत, मागच्या खोलीच्या उंबऱ्यात तांदूळ निवडत बसलेल्या त्यांच्या पत्नी आक्का, शिरपूरच्या पुढून, सातपुड्याच्या पायथ्याच्या एका गावातून आलेला तरुण शेतकरी, आखाजीसाठी माहेरी आलेली त्याची मोठी बहीण, आमच्या पार्सल ऑफिसचे दोन हमाल, आणि मी.

कुठलीही गोष्ट सांगायची तर मी आधी हजेरी घेते. सवय आहे. तेव्हा मी त्याच इमारतीच्या दुसऱ्या गाळ्यात एका खाजगी मालवाहतूक कंपनीचं बुकिंग सांभाळत होते. गाळा आबांचा, त्यामुळे ते आमचे जागामालक. दोन गाळ्यांमधलं दार कधीच लावलेलं नसे. पावत्या फाडता फाडता मला पलीकडचं सगळं दिसे आणि ऐकूही येई.

त्या तरुणाला टीव्हीसाठी नवी बॅटरी हवी होती. त्याच्या गावात विजेचे खांब होते, वीज पाहुण्यासारखी यायची. लोक बारा व्होल्टचा ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही बॅटरीवर चालवत. रविवारी सकाळची मालिका चुकू नये म्हणून शनिवारी आसपासच्या गावांतून बॅटऱ्या चार्जिंगला येत, सायकलवर, बैलगाडीत, डोक्यावर. आखाजीला सासुरवाशिणी घरी आलेल्या, झोके बांधलेले, आणि टीव्ही मुका. म्हणून हा भाऊ बहिणीला घेऊन धुळ्याला आलेला.

आबांनी बॅटरी दाखवली नाही. स्टुलावर ताठ बसून विचारलं, "कशी लई जाशी?"

"जीपमा. मांडीवर ठेईसन."

"मांडीवर पोऱ्या ठेवतस. बॅटरी नहीं."

बहीण पुढे सरकली. "आबा, तुमनी बॅटरी शे का नवरी? इतली चौकशी ते मना लगीनमा बी नहीं व्हयनी."

"नवरीच शे," आबा म्हणाले. "म्हनीसन नवरदेव देखी राह्यनू."

हमाल हसले. आक्काही हसल्या. आबांनी फळीवरून एक जुना रिकामा बॅटरीचा डबा उतरवला. त्यात काठोकाठ हळदीचं पाणी भरलं, बुचं नुसती टेकवली, आणि तरुणाच्या कमरेला स्वतःचं एक पांढरं धोतर गुंडाळलं. ही आबांची परीक्षा. हा डबा उचलायचा, पेट्रोल पंपापर्यंत चालत जायचं, वळून परत यायचं. धोतरावर पिवळा डाग पडला तर बॅटरी मिळणार नाही. डाग नसेल तर मिळेल. गिऱ्हाईक पाटील असो की सालदार, परीक्षा एकच. ॲसिडचा थेंब सुती कापडावर पडला तर लगेच कळत नाही, कपडा धुतला की तिथे भोक पडतं. हळदीचं तसं नाही, ती जागच्या जागी चुगली करते. असा तो हिशोब.

तरुण गेला. आम्ही सगळे दारात उभे राहिलो. जाताना ठीक गेला. पंपापाशी वळताना मागून ट्रकने हॉर्न दिला, तो दचकला आणि डबा हिंदकळला. परत आला तेव्हा धोतरावर तळहाताएवढा डाग होता.

"हळद लागनी रे भाऊ तुले!" बहीण ओरडली. "आते मांडव टाका!"

सगळे हसलो. चहावाल्यापर्यंत हसू पोचलं. तरुणाचे कान लाल झाले. आबा मात्र हसले नाहीत.

"नहीं," ते म्हणाले.

"आबा, थोडीशी ते सांडनी."

"डोया बी थोडासाच राहस." आबांनी स्वतःच्या डोळ्याकडे बोट केलं.

"राहू द्या तुमनी बॅटरी!" त्याने धोतर सोडून काउंटरवर टाकलं आणि रस्ता ओलांडला. समोरच बॅटरीचं दुसरं दुकान होतं. तिथे परीक्षा नव्हती. बहिणीने गाठोडं उचललं, वळून आबांना अंगठा दाखवला आणि भावामागे गेली. थोड्या वेळाने दोघं जीपच्या थांब्याकडे जाताना दिसले. गोधडीत गुंडाळलेलं काहीतरी जड दोघांनी मिळून धरलं होतं.

मी माझ्या पार्सलांकडे वळले. शनिवारी आम्हालाही गर्दी असे.

आबा दिसायला कसे होते, ते आता सांगते. उंच, वाळलेले, आणि बारा महिने लोकरीचा बिनबाह्यांचा कोट. धुळ्याचा मे महिना ज्यांनी काढलाय त्यांना मी वेगळं काही सांगायला नको. रस्त्याचं डांबर चपलेला चिकटत असताना हा माणूस लोकर घालून बसे. कारण विचारलं की म्हणत, "सुताला ॲसिड खातं, लोकरीला खात नाही." आक्का म्हणत, "ॲसिड नाही खात, पण ऊन खातं ना माणसाला." कोटाखालचे सदरे आणि धोतरं सगळी जाळीची. आक्कांच्या दोरीवर वाळत घातलेले कपडे बघून नवा पोस्टमन एकदा म्हणाला होता, "आक्का, उंदीर फार झालेत का घरात?"

कोटाच्या दोन्ही खिशांत खाण्याच्या सोड्याच्या पुड्या. त्या आक्का बांधून देत. कुणाच्या अंगावर, फरशीवर, चपलेवर थेंब पडला की आबा आधी पाणी ओतत, मग पुडी सोडत, फस्स आवाज होई आणि त्यांचा चेहरा समाधानी होई. लग्नात अक्षता वाटतात तशा ते या पुड्या वाटत. बॅटरी विकत घेणाऱ्याला पुडी फुकट.

सगळ्या वस्तू उभ्या ठेवायचं त्यांना वेड होतं. आमच्या ऑफिसात येऊन ते आडवी पडलेली पार्सलं उभी करून जात. पार्सलात साड्या असल्या तरी. तेलाच्या बाटल्या, छत्र्या, बाहेर काढलेल्या चपला, सगळं भिंतीला टेकवून उभं. दुपारी झोपत ते खुर्चीत ताठ बसून. "आडवं झालं की आतलं सांडतं," असं म्हणायचे. हे बॅटरीबद्दल आहे की माणसाबद्दल, ते मी कधी विचारलं नाही.

माझ्या स्वभावाला त्यांच्या डोक्यातल्या त्या नियमांचं फार आकर्षण होतं. पण ते नुसते बोलण्यात होते, पसरलेले. एकदा मी दुपारभर बसून त्यांची क्रमवार यादी केली. बॅटरी उभी न्यायची. दोन्ही टोकांवर रबराची टोपणं घालायची. बुचांवरची बारीक भोकं मोकळी ठेवायची, कारण चार्ज झालेल्या बॅटरीतून पेट घेणारा वायू निघतो आणि त्याला वाट लागते. घरी नेल्यावर लगेच तारा लावायच्या नाहीत, तिला निवू द्यायचं. तारा लावताना बिडी नको, दिवा नको, आणि जवळ भरलेला हंडा हवा. डोळ्यात गेलं तर पाणी, पाणी आणि पाणी. तूप नाही, दूध नाही. मी ती यादी सुवाच्य अक्षरात लिहून त्यांच्यापुढे धरली. म्हटलं, "आबा, पेंटरकडून बोर्ड करून घेऊ. भिंतीवर लावू."

त्यांनी वाचली. चूक काढली नाही. घडी करून मला परत दिली.

"बोर्ड लावला की लोकांना वाटतं, बोर्डाला माहिती आहे ना, मग आपल्याला कशाला पाहिजे."

"मग सांगता कसं?"

"समोर बसवून. पास झाला की."

हीच त्यांची पद्धत. आधी हळदीचं पाणी. त्यात जो पास होईल, त्याला स्टुलावर बसवून पुढचं सगळं सांगायचं, भोकांचं, हंड्याचं, तारांचं, आणि प्रत्येक गोष्ट त्याच्याकडून वदवून घ्यायची. नापासाला पुढचा धडा नाही. ज्याला बॅटरी द्यायचीच नाही त्याला ती कशी सांभाळायची हे सांगून काय उपयोग? मला तेव्हा हे चोख वाटे. एक पायरी झाली की दुसरी. मीही ऑफिसात तसंच करी. वजन नाही झालं तर पावती नाही, पावती नाही तर प्रश्नांना उत्तरं नाहीत.

जीपच्या थांब्यावर त्यांना सगळे ओळखत आणि थोडे घाबरतही. जीपवाल्यांना बॅटरी नको असे. सांडली तर सीट जळते, शेजारच्याचं लुगडं जळतं, भांडण होतं. त्यामुळे लोक बॅटऱ्या लपवून नेत, गोधडीत, पोत्यात, केळीच्या पानांखाली. आबा संध्याकाळी थांब्यावर फेरी मारत आणि नाकाने हुंगत फिरत. एकदा त्यांनी एका बाईच्या मांडीवरचं गच्च गुंडाळलेलं गाठोडं बघितलं. बाईने ते घट्ट धरलेलं, कोपरा थोडा ओला. आबांनी "उभं धर, उभं धर!" म्हणत वरची गोधडी ओढली. आत तान्हं मूल झोपलेलं. बाईने पायातली चप्पल काढली. जीपवाल्यांनी तिला आवरेपर्यंत आबांच्या कोटावर दोन बसल्या होत्या.

घरी आले तेव्हा आक्का म्हणाल्या, "मग? पोर तरी उभं धरलं का तिनं?"

"धरलं," आबा म्हणाले. त्यांच्या दृष्टीने काम झालं होतं.

आता पुन्हा त्या आखाजीकडे येते.

आखाजी झाली, माहेरवाशिणी परतू लागल्या, आणि एका सकाळी तीच बहीण दुकानाच्या पायरीवर येऊन उभी राहिली. एकटी. त्या दिवशीचा तोरा नव्हता. आबांनी तिला ओळखलं. "भाऊ कुठे शे?"

"भाऊना डोया गया आबा," ती म्हणाली. "एक गया. दुसराले बी धुरकट दिसस."

मी मधल्या दारात येऊन उभी राहिले. आक्का मागच्या खोलीतून बाहेर आल्या. त्यांनी तिला खाली बसवलं, पाणी दिलं. ती सांगत गेली ते असं.

समोरच्या दुकानातून ताजी चार्ज केलेली बॅटरी घेऊन दोघं थांब्यावर गेले. जीपवाला म्हणाला, थेंब सांडला तर वाटेत उतरवून देईन. तिथल्या पुरीभाजीच्या गाडीवर कणीक मळून ठेवलेली होती. भावाने गोळाभर मागून घेतली आणि बुचांवरची सगळी भोकं नीट दाबून बुजवली. वरून गोधडी. एकही थेंब सांडला नाही. गावापर्यंत दोघं त्यावर खूश होते. आबांना सांगायचं, असंही ठरलं होतं, की बघा, न सांडता नेली. उन्हाने कणीक वाळून दगडासारखी झाली. ती काढायची असते हे कुणाच्या मनातही आलं नाही. उलट बरंच होतं, घरात पोरंबाळं, सांडायला नको. घरी पोचल्या पोचल्या सगळ्या बहिणी टीव्हीपुढे बसल्या. भाऊ बॅटरीवर ओणवा झाला आणि त्याने तारेचा चिमटा लावला. ठिणगी उडाली. झाकण फुटून त्याच्या तोंडावर आलं. हंड्यात तळाशी होतं तेवढं पाणी तिने त्याच्या डोळ्यांवर ओतलं, मग शेजारी पळाली.

शेवटी आबा एवढंच म्हणाले, "भोकं बंद करानी नहीं राहतस, हाई तुमले कोनी सांगं नहीं?"

तिने वर पाहिलं. तिच्या आवाजात राग नव्हता, खरंच प्रश्न होता.

"कोन सांगी?"

आबा स्टुलावर बसले होते. ते उठले आणि उगाच काउंटरवरच्या वस्तू सरळ करू लागले. त्या आधीच सरळ होत्या. आक्कांनी बहिणीला जेवायला थांबवलं. ती आली होती डोळ्यात घालायला काही मिळतं का विचारायला. बॅटरीवाल्याकडे त्याचंही औषध असेल असं तिला वाटलं होतं.

त्यानंतर हळदीच्या पाण्याचा डबा फळीवर दिसला नाही. परीक्षा बंद झाली. आबा आता दुकानात येणाऱ्या प्रत्येकाला सांगू लागले, घेणाऱ्याला, न घेणाऱ्याला, नुसतं भाव विचारून जाणाऱ्याला. रस्ता विचारायला थांबलेल्या माणसाला आधी भोकांचं सांगत, मग रस्ता. आमच्याकडे पार्सल न्यायला आलेल्या गिऱ्हाइकांनाही मधल्या दारातून हाक मारत. "भाऊ, घरी बॅटरी आहे का? नाही? शेजाऱ्याकडे असेल. ऐका." माझी माणसं खोळंबत. मी एकदोनदा बोलले. ते ऐकून घेत आणि पुढच्याला हाक मारत.

मग ते रस्ता ओलांडून समोरच्या दुकानापुढे उभे राहू लागले. तिथून बॅटरी घेऊन बाहेर पडणाऱ्याला अडवून सांगायचं. समोरचा दुकानदार आधी चिडला.

"आबा, तुमचं गिऱ्हाईक तुम्ही घालवलं. आता माझं घालवता का?"

"मी घेऊ नको म्हणत नाही. घे म्हणतो. फक्त ऐकून घे म्हणतो."

"तुम्ही घाबरवता त्यांना."

"मग तू सांग. मी जातो."

तो काही सांगणार नव्हता, आणि हे त्यालाही माहीत होतं. थोडे दिवस त्याने तोंड फिरवलं. नंतर एका दुपारी मी पाहिलं तर आबा त्याच्या दुकानापुढे सावलीत स्टुलावर बसले होते. स्टूल त्यानेच दिलं होतं. पाण्याचा तांब्याही.

सांगूनही त्यांचं समाधान होईना. लोक मान हलवतात आणि थांब्यावर जाऊन पुन्हा कणीक मागतात, असा त्यांचा संशय होता, आणि तो काही वेळा खरा निघाला. मग ते बॅटरीसोबत स्वतःच जाऊ लागले. जीपवाल्याला म्हणायचे, "बॅटरी माझी. सांडली तर मला उतरव." मागच्या बाजूला दोन पायांत बॅटरी उभी धरून बसायचे, गावात उतरायचे, घरापर्यंत न्यायचे, ती निवेपर्यंत ओट्यावर थांबायचे, तारा स्वतः लावायचे, मिळेल ती भाकरी खायचे आणि परतीची गाडी पकडायचे. दुकान अर्धा आठवडा बंद. आक्का म्हणायच्या, "आमच्या वरातीतसुद्धा इतके हिंडले नाहीत." पण पुड्या बांधून द्यायच्या, थोड्या जास्तच.

सर्वांत जास्त फेऱ्या त्या सातपुड्याच्या पायथ्याच्या गावाला. त्या तरुणाच्या घरी टीव्ही होताच. बायको, म्हातारी आई, पोरं बघत. तो कोपऱ्यात बसून ऐके. चार्जिंग शिरपूरलाही झालं असतं, पण आबांनी ते काम स्वतःकडे घेतलं. बॅटरी न्यायची, आणायची, पुन्हा न्यायची. एका रविवारी मीही बरोबर गेले होते, ऑफिसची रखडलेली कामं शिरपूरला होती म्हणून. त्यामुळे तेही पाहिलं.

आबा आले कळताच तो तरुण भिंतीला हात लावत बाहेर आला. "आबा, आज उशीर व्हयना?" म्हणाला. त्यांच्यासाठी खाट टाकली. दोघं कापसाचं बोलले, उन्हाचं, जीपवाल्यांच्या भाड्याचं. तो चेष्टाही करी. "आबा, माले आते तुमनी परीक्षा देता नहीं येवाव. पंप बी दिसाव नहीं." आबा हसल्यासारखं करत. बोलता बोलता मध्येच ते थांबत, त्याच्याकडे बघत, तोंड उघडत, आणि मग विचारत, "यंदा पाणी कसं शे विहिरीले?" मला वाटे, यांना दुसरंच काहीतरी विचारायचं आहे. परतीच्या वाटेवर मी तसं म्हटलंही. त्यांनी बाहेर बघत मान हलवली. "पुढच्या खेपेला," म्हणाले.

पुढच्या खेपा बऱ्याच झाल्या. त्या मोजायच्या मी टाळल्या, आणि हे माझ्या स्वभावाला सोडून आहे.

पुढे दोन उन्हाळे गेले. तिसऱ्या मे महिन्यात एका दुपारी ते त्याच गावाहून परतले. जीपच्या मागच्या बाजूला बसून, गरम वाऱ्यात, लोकरीच्या कोटात. दुकानाच्या पायरीवर त्यांना पाय उचलता येईना. हमालांनी धरून आत आणलं. अंग तव्यासारखं तापलेलं, आणि घाम नाही. आक्कांनी कोट काढायला घेतला तर ते काढू देईनात. मी डॉक्टरांना आणायला माणूस धाडला, ओली चादर घातली, बर्फ आणवला. एकामागून एक, करायचं ते सगळं केलं. त्या खोलीत त्यांना आडवं निजलेलं मी पहिल्यांदा पाहिलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ते गेले.

समोरच्या दुकानदाराने दुकान बंद ठेवलं. जीपवाले आले. कुठल्या कुठल्या गावांहून माणसं आली, त्यांतली बरीच मला ओळखीची नव्हती. तो तरुणही बहिणीचा हात धरून आला. आक्कांच्या पुढे बसला, त्यांचे पाय चाचपून नमस्कार केला, आणि म्हणाला, "आक्का, मना बाप गया." आक्कांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला.

तेराव्यानंतर आक्कांचा मुलगा त्यांना सुरतेला, आपल्या घरी नेणार होता. सामान बांधायला मी मदत केली. काय न्यायचं, काय द्यायचं, काय टाकायचं, तीन ढीग केले. आक्का मध्येच खाली बसल्या.

"ताई, एक काम करशील?"

"सांगा."

"शेवटच्या रात्री ते एकच बोलत होते. 'त्याला विचारायचं राहिलं.' मी म्हटलं, काय विचारायचं? म्हणाले, 'मी सांगितलं असतं, तर त्याने ऐकलं असतं का?'"

मी हातातली दोरी खाली ठेवली.

"ऐकलं नसतं, असं तो म्हणाला असता ना," आक्का म्हणाल्या, "तर हा माणूस घरी बसला असता. ऐकलं असतं म्हणाला असता, तर तेही कळलं असतं. विचारलंच नाही. नुसते जात राहिले. तू विचारून ये. मला कळवायचं बघ. मला दोन्ही चालेल."

"जाते," मी म्हटलं.

पुढे माझी बदली जळगावला झाली. लग्न, संसार, दुसरी कंपनी. आज मी एका कुरिअर कंपनीचं जळगावचं ऑफिस बघते. बॅटऱ्या बदलल्या. आता येतात त्या मोबाईलच्या, लॅपटॉपच्या, लिथियमच्या, तळहाताएवढ्या, आणि त्यांत ॲसिड नसतं. मागे पुण्याहून आलेल्या माणसाने आम्हाला त्यांचे नियम शिकवले. टोकं झाकलेली हवीत, एकमेकांना लागता कामा नयेत. फुगलेली, चेपलेली, गरम झालेली बॅटरी घ्यायची नाही. पेटीवर चिठ्ठी हवी. आत काय आहे ते खरं लिहिलेलं हवं. मी सगळं नीट उतरवून घेतलं. माझ्या माणसांना मी त्यात एक कलम वाढवून दिलंय. ज्याचं पार्सल आपण नाकारतो, त्याला आधी खुर्ची द्यायची, मग ती बॅटरी घरी नेऊन कुठे ठेवायची, कशापासून लांब ठेवायची, हे पूर्ण सांगायचं. तो रागावला असला तर जास्तच. माझा काउंटरवरचा मुलगा एकदा वैतागून म्हणाला, "मॅडम, जो आपला कस्टमरच नाही त्याच्यावर एवढा वेळ?" मी म्हटलं, "त्याच्यावरच."

तो तरुण आता तरुण नाही. शिरपूरला बहिणीजवळ राहतो, असं कळलं. दुसरा डोळा अजून धुरकटच आहे, पण आवाजावरून माणूस ओळखतो. कामानिमित्त मी महिन्यातून एखादी खेप धुळ्याला करते. स्टँडवर शिरपूरची गाडी बहुधा लागलेलीच असते.

पहिल्या वर्षी मी ठरवलं होतं की बोलायचं कसं ते आधी नक्की करू. काय शब्दांत विचारायचं, बहीण समोर असावी की नसावी. मग लक्षात आलं, तो भला माणूस आहे. आबांसाठी, आक्कांसाठी तो पटकन म्हणेल, "नहीं ताई, मी कोनं आयकतू?" आणि ते खरं की त्याने आपल्यावर केलेली दया, हे मला ओळखता येणार नाही. आणि तो गप्प बसला, तर ते मला सुरतेला फोनवर सांगावं लागेल.

आक्का आता फार थकल्यात. ऐकू कमी येतं. तरी दर दिवाळीला मुलाकडून माझा नंबर लावून घेतात. फराळाचं विचारतात, माझ्या मुलांचं विचारतात, धुळ्यात गाळ्यात आता काय आहे ते विचारतात. मग शेवटचा प्रश्न.

"ताई, जाऊन आलीस का?"

"नाही आक्का," मी मोठ्याने सांगते. "अजून नाही."